तेरड्याचं अंग

माझ्या डाव्या पायातली चप्पल चालता चालता मागे राहू लागली, तेव्हा मी चप्पल बदलली. तलासरीच्या बाजारात नवी घेतली, जरा घट्ट बघून. तीही वर्गाच्या उंबऱ्यातच राहिली आणि मी तसाच फळ्यापर्यंत गेलो. मुलं हसली. मीही हसलो आणि दुकानदाराला मनातल्या मनात शिव्या घातल्या. त्याच आठवड्यात फळ्यावरचं वर्तुळ लांबुळकं आलं तेव्हा खडूला नावं ठेवली, रेघ थरथरत आली तेव्हा ब्रशला. चित्रकलेचा मास्तर स्वतःचा हात सोडून जगातल्या सगळ्या वस्तूंना दोष देऊ शकतो.

मी तलासरीजवळच्या एका शाळेत चित्रकला शिकवतो. घर गंजाडच्या बाजूला, पाड्यावर. घरात आई, बायको वैशाली आणि मी. मुलगी शिकायला बाहेरगावी असते. वैशाली अंगणवाडीत सेविका आहे, आणि जमिनीच्या तुकड्यावर भात आणि थोडी नागली आई अजून स्वतः उभी राहून लावून घेते. मला झाला तो आजार जीबीएस, म्हणजे गिया-बारे सिंड्रोम. यात शरीराची स्वतःचीच प्रतिकारशक्ती नसांवर उलटते. ज्यांच्या घरात कुणी असं अचानक पडलं असेल त्यांच्यासाठी हे लिहितोय. औषधांची नावं यात मिळणार नाहीत, मला ती नीट ठाऊकही नाहीत. अंग कसं गेलं आणि कसं आलं, तेवढं सांगतो. भीती पुष्कळ वाटली, पण खरं सांगायचं तर त्याहून जास्त मी थक्क झालो, आणि तो थक्कपणा अजून उतरलेला नाही.

हातोडी

दिवाळीची सुट्टी संपता संपता माझं पोट बिघडलं होतं. दोन-चार दिवसांत बरं वाटलं आणि मी ते विसरूनही गेलो. मग चपलेचं ते प्रकरण. मग एका सकाळी जेवून पाटावरून उठायला गेलो तर उठताच येईना. आईला वाटलं मी थट्टा करतोय. वैशालीला तसं वाटलं नाही. तिने शेजारच्यांची रिक्षा बोलावली आणि आम्ही डहाणूला गेलो.

डॉक्टर तरुण होता. त्याने मला टेबलावर पाय सोडून बसवलं आणि गुडघ्याखाली रबरी हातोडी मारली. पाय हलला नाही. मला वाटलं याचा नेम चुकला. त्याने पुन्हा मारली, दुसऱ्या पायावर मारली, मग कोपरावर, मनगटावर. कुठेच काही नाही. मग त्याने हातोडी अगदी सावकाश ड्रॉवरमध्ये ठेवली आणि विचारलं, गेल्या महिन्यात पोट बिघडलं होतं का? त्या प्रश्नाचा माझ्या पायाशी काय संबंध हे मला कळेना, पण त्याचा आवाज एकदम मऊ झालाय एवढं कळलं. डॉक्टरचा आवाज मऊ झाला की घाबरावं.

त्याच दिवशी संध्याकाळपर्यंत मी सीमेपलीकडे गुजरातेत, वापीच्या हॉस्पिटलात होतो. आमच्या भागातल्या माणसाला मोठं दुखणं आलं की तो तिकडेच जातो. तिथल्या मोठ्या डॉक्टरांनी वैशालीला आणि मला एकत्र सांगितलं, आणि मला ते आवडलं. म्हणाले, हे खालून वर चढतं. कुठे तरी थांबतं. मग उतरायला लागतं. कुठे थांबेल हे आज कुणीच सांगू शकत नाही. डहाणूचा समुद्र पाहिलेल्या माणसाला भरती-ओहोटी समजवावी लागत नाही. वैशालीने फक्त एक विचारलं, "आणि हात?"

"आधी श्वास बघू," ते म्हणाले.

हात का विचारला ते मला माहीत होतं. त्या संध्याकाळी मी चादरीचा काठ अंगठा आणि तर्जनीत पुन्हा पुन्हा धरून बघत होतो. खडू धरायची ती चिमूट. ब्रश, पेन्सिल, रांगोळी, सगळं त्याच चिमटीत. नोकरी त्याच्यावर आहे हे तर झालंच, पण मी स्वतःला जो कोण समजतो तोही तेवढ्याच जागेत मावतो. सकाळी उठलो तर चादर माझ्या बोटांत राहत नव्हती.

एका श्वासात

अतिदक्षता विभागात दिवस आणि रात्र यांत फरक नसतो. दिवे तेच, टिकटिक तीच. थोड्या थोड्या वेळाने कुणीतरी येऊन म्हणायचं, सर, एका श्वासात आकडे म्हणा. म्हणजे एकदाच श्वास घ्यायचा आणि तो संपेपर्यंत एक, दोन, तीन म्हणत जायचं. सुरुवातीला मी ऐटीत पुष्कळ लांब गेलो. मग दर खेपेला आकडा मागे मागे येऊ लागला. मोजणारी नर्स चेहऱ्यावर काही दाखवत नसे, पण आकडा लिहिताना तिचा पेन थबकायचा. शाळेत नापास होणाऱ्या मुलाला काय वाटत असेल ते मला तिथे कळलं. एके दिवशी मी अर्ध्यातच थांबलो आणि नळी घालायचं ठरलं.

पुढचे काही दिवस मशीनने माझा श्वास घेतला. याच काळात चेहराही गेला. हसणं गेलं, भुवया गेल्या, पापण्या मिटेनात. डोळे कोरडे पडू नयेत म्हणून नर्स त्यांवर मलम लावून पट्टी चिकटवायची. आतला मी मात्र पूर्ण जागा होतो. सगळं ऐकू येत होतं, सगळं कळत होतं आणि हलत काहीच नव्हतं. भीती कशी असते ते कुणी विचारलं तर मी सांगेन की नाक खाजतंय आणि खाजवायला कुणी नाही, तशी असते. मोठी भीती येते तीही अशाच लहान वाटेने येते.

पण त्यातच मला एक दिसलं. डोळ्यांवर पट्टी असताना मी अंगाकडे आतून बघत असे. आयुष्यभर मी मुलांना माणूस काढायला शिकवला. डोकं किती, धड किती, हात कुठपर्यंत येतात. आणि ज्याच्या आत मी राहतो त्या माणसाकडे एकदाही नीट पाहिलं नव्हतं. लाळ गिळायला किती स्नायू लागतात, मान सरळ ठेवायला किती जण दिवसभर राबतात! मी झोपलो असताना, वर्गावर ओरडत असताना, वैशालीशी भांडत असताना हे सगळे मुकाट्याने कामाला होते. आता सगळ्यांनी एकदम संप केला तेव्हा त्यांची हजेरी मला कळली.

शाळेतले सहकारी एकदा भेटायला आले. सोबत फुलांचा मोठा गुच्छ. आत फुलं चालत नाहीत, म्हणून तो बाहेर वॉचमनच्या टेबलावर राहिला. वैशाली आत आली की माझ्या कानाशी रोजच्या बातम्या सांगायची, त्यात त्या गुच्छाचीही असायची. आज गुलाब काळे पडले. आज पाकळ्या गळल्या, वॉचमनने झाडून टाकल्या. आज नुसत्या काड्या उरल्यात, पण तो टाकत नाहीये, म्हणतो साहेबांचा आहे. मला हसू आलं आणि हसता येईना. डोळ्यातून पाणी आलं ते तिने पुसलं, आणि तिला वाटलं मी रडतोय. बरं झालं, समजावून सांगता आलं नसतं.

परीक्षेतला प्रश्न

कलाशिक्षकाचा अभ्यासक्रम करताना आम्हाला एक प्रश्न हमखास यायचा. चित्रकलेत फूल आणि मानवी शरीर यांतून नश्वरता कशी दाखवली जाते ते लिहा. मी झकास उत्तर लिहायचो. परदेशी चित्रांत टेबलावर फुलं असतात, एक पाकळी गळून खाली पडलेली असते, शेजारी कवटी असते. आपल्याकडे कोमेजलेली माळ दाखवतात. सगळं क्षणभंगुर आहे वगैरे. पूर्ण मार्क मिळायचे. पुढे मीही मुलांना तेच सांगत राहिलो.

आणि ग्रेड परीक्षेच्या निसर्गचित्राच्या पेपरला जास्वंदीची फांदी समोर ठेवली की तासाभराने पोरं तक्रार करायची, सर, फूल बदललं. मी म्हणायचो, बदलू दे, तुम्ही आधी होतं तसं काढा. हॉस्पिटलात पडल्या पडल्या हे वाक्य माझ्या डोक्यात घोळत राहायचं. आधी होतं तसं. मी रोज माझं अंग आधी होतं तसं आठवून बघायचो आणि ते जमायचं नाही.

उतरताना

ते थांबलं. गळ्याच्या वर कुठेतरी थांबलं, आणि एका दुपारी पट्टी काढल्यावर माझी उजवी पापणी मिटली. आपोआप, कुणी न सांगता. नर्सने पाहिलं आणि ती धावत डॉक्टरांना बोलवायला गेली. त्या पापणीबद्दल मला आजही काय वाटतं ते सांगता येत नाही. मी देवळात क्वचित जातो, पण त्या दिवशी मी कुणाला तरी हात जोडले असते. हात नव्हते.

मग नळी निघाली. मान आली. खांदे उचलता आले. चढलं होतं तसंच ते उतरत होतं, वरून खाली. आयसीयूबाहेरच्या खोलीत हलवल्यावर रोज फिजिओथेरपिस्ट येऊ लागल्या, जिग्नाबेन. त्या उंबरगावच्या बाजूच्या, मराठी आणि गुजराती एकाच वाक्यात बोलणाऱ्या. आमच्याकडे निम्मी माणसं अशीच बोलतात, म्हणून मला घरच्यासारखं वाटलं. त्यांनी माझा हात उचलून सोडून बघितला, बोटं एकेक करून वाकवली, आणि मी विचारलं, खडू कधी धरेन?

"सर, मोठं काम पहिलं येईल," त्या म्हणाल्या. "बसायचं, उभं राहायचं, चालायचं. आ झीणुं काम, बारीक काम, ते छेल्ले. शेवटी."

"पण येईल ना?"

"जोईए," त्या म्हणाल्या. म्हणजे बघू. लहान शब्द, पण तो मी घरी घेऊन आलो आणि बरेच महिने उशाशी ठेवला.

घर

घरी आणलं तेव्हा उन्हं तापायला लागली होती आणि मागच्या टेकाडावर मोहाची फुलं पहाटे टपटप पडत होती. मला अंगणातल्या खाटेवर टेकवून बसवायचे. बसवायचे म्हणजे दोन बाजूंनी उशा लावून. सोडलं की मी कमरेतून घडी पडून पुढे यायचो. आमच्या भागात भिंतींवर तांदळाच्या पिठाने माणसं काढतात, दोन त्रिकोण टोकाला टोक लावून. वरचा छातीचा, खालचा कमरेचा. मी ती शेकडो वेळा काढली आहेत. पण त्या दोन टोकांना जिथे स्पर्श होतो त्या ठिपक्यावर एवढा माणूस तोललेला असतो, हे कधी मनात आलं नव्हतं. त्या ठिपक्यावर तोल धरून मी पहिल्यांदा एकटा बसलो तेव्हा मला स्वतःच्याच हिमतीचं नवल वाटलं. ज्या बाईने कधीकाळी पहिल्यांदा तसा माणूस काढला असेल तिला हे नक्की ठाऊक असणार.

चैत्रात आई विवळवेढ्याला महालक्ष्मीच्या यात्रेला जाऊन आली. नारळ फोडून आली. मी विचारलं, काय मागितलंस? म्हणाली, तुझे पाय. मी म्हटलं, आणि हात? तर म्हणाली, एका वेळी एकच मागावं, देवीलाही ओझं होतं. मला राग आला. निदान हातापासून सुरुवात करायचीस, मी म्हणालो. ती म्हणाली, हाताने शाळेत जाशील का?

सगळं हसण्यावारी गेलं असं मात्र नाही. आजारी माणूस घरातल्यांना छळतो, आणि आपण छळतोय हे त्याला दिसत नाही. पाठीखाली चादरीची सुरकुती टोचते म्हणून मी वैशालीला हाक मारायचो. ती सारखी करायची. मी पुन्हा हाक मारायचो. एका दुपारी तिसऱ्यांदा हाक मारली तेव्हा ती आली, चादर ओढली आणि तिथेच जमिनीवर बसली. म्हणाली, "मीही माणूस आहे. तुम्हाला तुमचंच अंग जाणवतं. मला माझंही जाणवतं."

त्या दिवसापासून शेजारची वहिनी दुपारी माझ्याजवळ येऊन बसू लागली आणि वैशाली आतल्या खोलीत दार लावून झोपू लागली. हे वाचणाऱ्यांना माझा एकच सल्ला आहे, आणि तो आजाऱ्यासाठी नाही. जो सांभाळतो त्याला झोपायला पाठवा.

बोटं

पावसाळ्यात पाय आले. आईच्या मागण्याप्रमाणे. आधी वॉकर, मग भिंत धरून, मग काठी. पाड्यावरची माणसं बघायला यायची आणि कौतुक करायची. जिग्नाबेन फोनवर व्हिडिओ बघून खूश व्हायच्या. मी मात्र हाताकडे बघत बसायचो. मूठ वळत होती, तीही सैल. अंगठा तर्जनीपर्यंत जायचा आणि तिथे पोहोचून बाजूला घसरायचा. वैशालीने ब्रशला कापड गुंडाळून तो जाड करून दिला. मुठीत धरून मी कागदावर एक आडवी रेघ मारली. ती पाहिली आणि ब्रश भिंतीकडे फेकला. तोही फार लांब गेला नाही.

भाद्रपद आला तसा माझा धसका वाढला. आमच्याकडे गौर तेरड्याची असते. रानातून तेरड्याची रोपं मुळासकट उपटून आणायची, मुळं ओहोळात धुवायची, जुडी बांधून उभी करायची आणि तिला साडी नेसवायची. मुळं म्हणजे गौरीची पावलं, ती तुटता कामा नयेत. वर कागदावर काढलेला चेहरा. मी कलाशिक्षक होऊन आलो त्या वर्षापासून पाड्यावरच्या सगळ्या गौरींचे चेहरे मीच काढत आलो. मोठे डोळे, नथ, कपाळावर चंद्रकोर. बायका महिनाभर आधी सांगून ठेवायच्या. माझ्या चित्रकलेचं खरं कौतुक जे काही झालं ते त्या तीन दिवसांतच.

त्या वर्षीही दोघी-तिघी आल्या, विचारायचं की नाही या पेचात दारात उभ्या राहिल्या. मीच म्हटलं, यंदा बाजारातला छापील चेहरा आणा. त्या गेल्यावर मी आईला म्हटलं, आपलीही तशीच आण. तोंडाशिवाय गौर कशी बसवणार?

आई तांदूळ निवडत होती. तिने मान वर केली नाही. "तुझ्या आधी गौरीला तोंड कुठं होतं?" ती म्हणाली. "पावलांनी यायची. पावलांवरूनच ओळखायचो आम्ही. तोंड तू दिलंस, चांगलं दिलंस. यंदा नाय तर नाय."

मला ते आठवलं. लहानपणी आमच्या घरात कोपऱ्यात उभी असायची ती नुसती हिरवी-गुलाबी जुडी, साडीतली. तिला चेहरा नव्हता आणि तिच्याकडे बघून मला कधी काही कमी वाटलं नव्हतं. मी इतकी वर्षं चेहऱ्यालाच गौर समजत आलो होतो, आणि अंग कुठून येतं, कोण बांधतं, कसं बांधतं हे एकदाही बघायला गेलो नव्हतो. ते बायकांचं काम.

आवाहनाच्या दिवशी वैशाली आणि शेजारणी टेकाडावरून तेरडा घेऊन आल्या. धुतलेली मुळं पांढरीशुभ्र, देठ पाणीदार, पेरांवर लाल. आईने ती सगळी रास माझ्या पुढ्यात ठेवली आणि ओल्या केळीच्या सालीच्या दोऱ्या दिल्या. मी बघतच राहिलो. पुरुषांनी गौर बांधल्याचं आमच्यात कुणी ऐकलं नव्हतं.

"तुझ्या त्या बेननी मूठ आवळायला सांगितलीय ना," आई म्हणाली. "मग आवळ."

मी बांधली. पायाशी एक, कमरेत एक, गळ्याशी एक. देठ थंड होते आणि भरलेले होते. धरले की आतलं पाणी हाताला कळायचं. फार आवळलं तर मोडतील, सैल सोडलं तर घसरतील. वैशाली दोरीचं टोक ओढायला मदत करत होती, पण गाठी मी मारल्या, मुठीने, दातांनी, कोपराने, जे जे चालत होतं त्याने. जुडी उभी केली आणि ती उभी राहिली. कमरेत बारीक, खाली पांढरी पावलं. साडी नेसवली तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. मी कागदावर हजारो माणसं काढली, पण उभं राहणारं अंग पहिल्यांदाच केलं होतं.

तीन दिवस

मी घरातच असल्यामुळे त्या वर्षी मी गौरीला सगळे तीन दिवस पाहिलं. एरवी आरतीपुरतं बघायचो. पहिल्या दिवशी भाजी-भाकरीचा नैवेद्य झाला तेव्हा ती तजेलदार होती. दुसऱ्या दिवशी फुलं मलूल झाली, देठ थोडे वाकले, आणि साडीच्या आत ती किंचित खाली बसली. मला ती दमलेली वाटली. चेहरा नव्हता, तरी दमलेली दिसत होती. दरवर्षी मी काढलेला चेहरा तिसऱ्या दिवशीही पहिल्यासारखाच ताजा असायचा. त्यामुळे खालचं अंग जातंय इकडे कुणाचं लक्षच जायचं नाही.

तिसऱ्या दिवशी दुपारी मी तिच्यासमोर सतरंजीवर पाय पसरून बसलो होतो. घरात कुणी नव्हतं. अचानक बारीक टिचकीसारखा आवाज झाला आणि माझ्या नडगीला काहीतरी लागलं. बघितलं तर तेरड्याचं बोंड फुटलं होतं आणि बी उडालं होतं. थोड्या वेळाने दुसरं फुटलं. पाकळ्या सुकलेल्या, देठ वाकलेले, आणि ती बसल्या जागेवरून बिया फेकत होती. भिंतीवर, समईवर, माझ्या अंगावर. मी हललो नाही. एक बी पुन्हा पायावर आदळलं आणि ते मला कळलं, नेमकं कुठे लागलं तेही कळलं. आजारात बधिर झालेल्या त्या नडगीवर इतकं बारीक काही कळायची ती पहिलीच वेळ होती. मी मोठ्याने रडलो. त्या परीक्षेतल्या उत्तरात हे कुठेच नव्हतं. जाणारं अंग जाता जाता एवढं काम करत असतं, हे मला कुणी सांगितलं नव्हतं.

ओहोळावर

संध्याकाळी बायका गौर घेऊन निघाल्या. मी काठी घेऊन मागून निघालो. वैशालीने दंड धरला होता. चिखलाची वाट, पण पावलं टाकली. ओहोळावर सगळ्या गौरींच्या साड्या उतरवल्या, दोऱ्या सोडल्या आणि एकेक जुडी मोकळी करून पाण्यात सोडू लागल्या. आमच्यात गौर बांधलेली पाठवत नाहीत.

आमच्या गौरीपाशी सगळ्या अडल्या. गळ्याशी आणि पायाशी गाठी कशाबशा सुटल्या, पण कमरेतली सुटेना. बायका नेहमी सुरगाठ मारतात, एक टोक ओढलं की मोकळी होणारी. सोडायचीच आहे हे त्यांना बांधतानाच माहीत असतं. मला कुठे माहीत होतं? मी मारली होती निरगाठ, तीही जीव खाऊन, आणि तीन दिवसांत केळीची साल वाळून ती दगड झाली होती. एकीने नखांनी बघितलं, दुसरीने दातांनी. कुणीतरी कोयता आणायला निघाली.

"गौरीला लोखंड लावत नाय," आई म्हणाली. मग माझ्याकडे वळली. "ज्यानं बांधली त्यानं सोडायची. बस खाली."

मी ओहोळाच्या काठाला उथळ पाण्यातच बसलो. वैशालीने जुडी माझ्या मांडीवर ठेवली, कंबर पाण्यात बुडेल अशी, म्हणजे साल भिजेल. बायकांनी गाणं धरलं. मी अंगठा गाठीवर ठेवला आणि तो घसरला. पुन्हा ठेवला, पुन्हा घसरला. गाणं संपलं, त्यांनी दुसरं धरलं. कुणीही घाई केली नाही आणि कुणीही मदतीला हात पुढे केला नाही. मला घाम फुटला होता. गाठीचा एक पदर जरासा वर आला होता, दोऱ्याएवढा. तो अंगठा आणि तर्जनीच्या मध्ये आला. मी दाबला. या वेळी अंगठा बाजूला गेला नाही. मी ओढलं आणि पदर माझ्याबरोबर आला.

गाठ सुटल्यावर क्षणभर जुडी तशीच राहिली, जणू अजून कुणी धरलंय. मग पाणी आत शिरलं आणि देठ एकमेकांपासून लांब झाले. मी बांधलेलं ते अंग माझ्या डोळ्यांदेखत नाहीसं झालं. खाली वाहत जाणारी नुसती रोपं उरली, पांढरी मुळं वळणापर्यंत दिसत होती. हॉस्पिटलात ज्या गोष्टीला मी एवढा भ्यालो होतो ती माझ्यासमोर घडत होती आणि मी तिच्याकडे तोंड वासून बघत होतो. किती सहज सुटतं! आणि किती कष्टांनी एकत्र राहिलेलं असतं.

आईने हात जोडले. बायका रिवाजाप्रमाणे घरी न्यायला ओहोळाच्या तळचे खडे वेचून परत निघाल्या. वैशाली मला उठवायला वाकली तर तिला माझ्या बोटांत दोरीचा तुकडा दिसला, ओला, हिरवट.

"सोडा आता ती," ती म्हणाली.

"थांब," मी म्हणालो. "धरता येतेय. जरा बघू दे."